निंबाचा माणूस

२०२४ च्या नोव्हेंबरचा शेवटचा आठवडा होता. विधानसभेच्या निकालाचा गुलाल उदगीरच्या रस्त्यांवरून अजून पुरता निघालेला नव्हता, आणि चहाच्या टपरीवर कोणाला कोणते खाते मिळणार याचे हिशेब चालले होते. तेव्हा अक्काचा फोन आला. 'तुझा तो प्रिन्स गेला बघ,' एवढेच ती म्हणाली. मला क्षणभर काही उमगले नाही. मग लक्षात आले की ती पश्चिम आफ्रिकेतल्या लायबेरियाच्या सिनेटर प्रिन्स जॉन्सन यांच्याविषयी बोलत होती. त्यांचे २८ नोव्हेंबरला वयाच्या बहात्तराव्या वर्षी निधन झाले होते.

अक्का म्हणजे माझी मावसबहीण. केंद्रीय राखीव पोलीस दलातून ती आता निवृत्त झाली आहे. २००७ ते २०१६ या काळात भारताने संयुक्त राष्ट्रांच्या मोहिमेसाठी लायबेरियात केवळ महिलांची पोलीस तुकडी ठेवली होती. जगातली ही अशी पहिलीच तुकडी होती, आणि दरवर्षी तिच्यातल्या मुली बदलत. राष्ट्राध्यक्षांचे कार्यालय त्या वेळी मन्रोव्हिया या राजधानीतल्या परराष्ट्र मंत्रालयाच्या इमारतीत होते, आणि तिथल्या पहाऱ्याचे काम या तुकडीकडे होते. अक्का तिथे होती ते वर्ष नेमके २०११ चे, म्हणजे निवडणुकीचे. जाताना तिने दोन किलो येसर आणि शेंगदाण्याची चटणी नेली होती. परत येताना तिने जे आणले, त्यातला मोठा भाग गोष्टींचा होता, आणि त्या गोष्टींत हा माणूस पुन्हापुन्हा येत असे. गावोगावच्या भिंतींवर ज्याची छायाचित्रे उमेदवार म्हणून लागली होती, त्याच माणसाने एकवीस वर्षांपूर्वी देशाच्या राष्ट्राध्यक्षाला पकडून त्याचे कान कापायला लावले होते, आणि त्या प्रसंगाचे चित्रीकरण साऱ्या पश्चिम आफ्रिकेत कॅसेटवर विकले गेले होते, हे तिला कोणीतरी अगदी सहज, हवापाणी सांगावे तसे सांगितले.

मी ते चित्रीकरण अर्धेच पाहू शकलो. खोलीत गर्दी आहे. टेबलामागे लष्करी वेषातला एक दणकट माणूस बसलेला आहे, त्याच्या हाताशी बडवायझर बिअरचा डबा आहे आणि एक बाई त्याला वारा घालते आहे. समोर जमिनीवर अंतर्वस्त्रात, हात बांधलेला आणि पायातून रक्त वाहणारा जो माणूस बसला आहे, तो, सॅम्युअल डो, सकाळपर्यंत लायबेरियाचा राष्ट्राध्यक्ष होता. त्याला प्रश्न विचारले जात आहेत ते पैशांचे : देशाचा पैसा कुठे ठेवला आहेस? त्यापुढचे मी पाहिले नाही आणि ज्यांनी पाहिले नसेल त्यांनी शोधू नये. मात्र एक गोष्ट डोळ्यांपुढून जात नाही. टेबलामागचा माणूस संतापलेला दिसत नाही. उलट, उन्हातान्हाचे दिवसभराचे काम उरकून घरी आलेल्या माणसासारखा तो सैलावून बसला आहे.

अशा माणसाला लोक मते देतात, तीही एकदा नव्हे, तीन वेळा सिनेटवर पाठवतात, हे वाचून माझी पहिली प्रतिक्रिया तुमची होईल तीच होती. ती बदलली, निदान तिची धार गेली, ती अक्काने सांगितलेल्या एका बाईमुळे. छावणीच्या फाटकापाशी बाटलीत भरून भाजलेले शेंगदाणे विकणारी ही बाई निंबा परगण्यातली होती. (निंबा हे नाव ऐकले की मला खानदेशातला एखादा निंबा पाटील आठवतो, लायबेरियाच्या उत्तरेकडचा, गिनी आणि आयव्हरी कोस्टच्या सीमेवरचा डोंगराळ परगणा असे काही डोळ्यांसमोर येत नाही.) अक्काने तिला विचारले की त्या चित्रीकरणानंतरही तुम्ही त्यांना मते कशी देता. बाई म्हणाली, 'तुम्ही लोकांनी एक दिवस पाहिलात. आम्ही त्याच्या आधीची पाच वर्षं पाहिली.'

त्या पाच वर्षांकडे जायचे तर १९८० पासून सुरुवात करावी लागते. अमेरिकेतून येऊन वसलेल्या मुक्त कृष्णवर्णीयांनी १८४७ मध्ये लायबेरिया हे स्वतंत्र राष्ट्र म्हणून घोषित केले आणि पुढे १३३ वर्षे ते आणि त्यांचे वंशजच राज्य करत राहिले. तिथल्या मूळ जमातींतले पुष्कळ जण या काळात रबराच्या मळ्यांत आणि खाणींत मजुरी करत. १२ एप्रिल १९८० च्या पहाटे याच सॅम्युअल डो नावाच्या सार्जंटने सतरा जणांच्या टोळीनिशी राष्ट्राध्यक्ष टॉल्बर्ट यांना ठार करून सत्ता घेतली. त्या सतरा जणांत निंबाचा थॉमस क्विवोंकपा होता. तो सेनाप्रमुख झाला, लोकप्रिय झाला, आणि लोकप्रिय सेनाप्रमुख कोणत्याच हुकूमशहाला परवडत नसल्यामुळे लवकरच परागंदाही झाला. याच क्विवोंकपाचा सहायक अधिकारी होता निंबातल्याच टापिटा गावचा प्रिन्स यॉर्मी जॉन्सन. लोक त्याला नावाच्या आद्याक्षरांवरून पीवायजे म्हणत.

डो यांनी १९८५ मध्ये निवडणुकीचा देखावा करून स्वतःला विजयी घोषित केले. महिन्याभरात, १२ नोव्हेंबरला, क्विवोंकपाने सीमेपलीकडून येऊन उठाव केला. तो काही तासच टिकला. क्विवोंकपा मारला गेला आणि त्याच्या मृतदेहाची राजधानीत विटंबना झाली. इथपर्यंतची कथा कोणत्याही फसलेल्या बंडाची आहे. मात्र त्यानंतर डो यांच्या क्रान जमातीचे वर्चस्व असलेले सैन्य निंबात उतरले आणि तिथल्या गिओ व मानो या दोन जमातींना, केवळ बंडखोराचे जातभाई म्हणून, वेचून मारू लागले. गावे जाळली गेली आणि माणसे विहिरींत फेकली गेली. पुढारी, शिक्षक, शिपाई, ज्यांचे आडनाव निंबाचे होते ते सगळे संशयित ठरले. शेंगदाणेवालीची पाच वर्षे ती हीच.

म्हणून चार्ल्स टेलर यांनी २४ डिसेंबर १९८९ रोजी शे-दीडशे लोकांनिशी आयव्हरी कोस्टमधून बुटुओ या निंबाच्याच सीमावर्ती गावात प्रवेश केला, तेव्हा निंबाची पोरे त्यांना झुंडीने येऊन मिळाली. टेलर स्वतः निंबाचे नव्हते. त्यांना फौज हवी होती आणि निंबाला सूड हवा होता, असा तो सरळ व्यवहार होता. जॉन्सन हे लिबियात प्रशिक्षण घेतलेले, टेलर यांच्या फौजेतले मुरलेले सेनानी होते. थोड्याच महिन्यांत दोघांचे फाटले आणि जॉन्सन आपली माणसे घेऊन वेगळे झाले. १९९० च्या उन्हाळ्यात एकीकडून टेलर, दुसरीकडून जॉन्सन आणि मध्ये आपल्या प्रासादात कोंडलेले डो, अशी मन्रोव्हियाची अवस्था होती. २९ जुलैच्या रात्री डो यांच्या सैनिकांनी सेंट पीटर लुथरन चर्चमध्ये आश्रयाला आलेल्या सुमारे सहाशे माणसांची कत्तल केली. त्यांत बहुतेक जण गिओ आणि मानो होते. पुरुष होते, बायका होत्या, लेकरेही होती.

या काळातल्या जॉन्सन यांच्याविषयी जे वाचायला मिळते ते एकमेकांशी जुळत नाही, आणि मला वाटते की न जुळणे हेच त्या माणसाचे खरे वर्णन असावे. ते गिटारवर भक्तिगीते गात. लुटारूंना जागच्या जागी गोळ्या घालत. मदतीच्या तांदळात अफरातफर केल्याच्या आरोपावरून बेड्या घातलेल्या एका माणसाला त्यांनी परदेशी छायाचित्रकारांसमोर स्वतः गोळी घातली. भुकेल्या शहरात तांदळाचा चोर मारला म्हणून टाळ्या वाजवणारेही असतील, आणि त्याच रात्री दाराला आतून अडसर घालणारेही तेच असतील.

९ सप्टेंबर १९९० रोजी डो यांनी प्रासाद सोडला आणि पश्चिम आफ्रिकी देशांच्या शांतिसेनेच्या, म्हणजे इकोमॉगच्या, बंदरातल्या मुख्यालयात ते गेले. कशासाठी गेले, कोणाच्या भरवशावर गेले आणि जॉन्सन यांना त्याची खबर कशी लागली, यावर लायबेरियात आजही वाद चालतो. जॉन्सन यांची माणसे तिथे आली, गोळीबार झाला आणि डो यांचे कित्येक अंगरक्षक शांतिसेनेच्या आवारातच मेले. पायात गोळी लागलेल्या डो यांना कॉल्डवेल येथील तळावर नेण्यात आले. तिथला तो टेबल, तो डबा आणि तो कॅमेरा वर आलाच आहे. पंतोजीला पट्टीने मारणाऱ्या गावगुंडाने शाळेच्या खुर्चीत बसून घ्यावे, तसे जॉन्सन काही दिवस स्वतःला देशाचा हंगामी प्रमुख म्हणवून घेत होते.

सत्ता मात्र त्यांना मिळाली नाही. १९९२ च्या ऑक्टोबरात टेलर यांनी राजधानीवर मोठा हल्ला चढवला, त्यात कॉल्डवेलचा तळ गेला आणि शांतिसेनेने जॉन्सन यांना उचलून नायजेरियात नेले. पुढची बारा वर्षे ते लागोसमध्ये होते. तिथे ते धर्मोपदेशक झाले. बंदुकीवरून बायबलवर येणे ही सोय होती की पश्चात्ताप, हे मला ठरवता येत नाही आणि ठरवण्याची गरजही वाटत नाही, कारण पुढे त्यांनी दोन्हींचा उपयोग केला. डो यांच्या कुटुंबाशी आपला समेट झाला आहे, असे ते जाहीरपणे सांगत. त्याच वेळी, आपल्याला अटक करायला कोणी आले तर प्रतिकार होईल, हेही सांगत.

२००३ च्या ऑगस्टमध्ये अक्रा येथे शांतता करार झाला. चौदा वर्षांत दोन युद्धे झाली होती आणि सुमारे अडीच लाख माणसे गेली होती. जॉन्सन २००४ मध्ये परतले आणि २००५ च्या निवडणुकीत कोणत्याही पक्षाविना निंबातून सिनेटसाठी उभे राहिले. तिथे त्या वेळी प्रत्येक परगण्याने दोन सिनेटर निवडायचे होते, आणि पहिल्या क्रमांकाच्या मतांना नऊ वर्षे तर दुसऱ्याला सहा वर्षे अशी वाटणी होती. जॉन्सन पहिले आले. सिनेटमध्ये त्यांना संरक्षण समितीचे अध्यक्षपदही मिळाले. आपल्याकडे दरोडेखोराला पोलीस पाटील करण्याची जी जुनी युक्ती सांगतात, तिचे हे सरकारी रूप म्हणायचे.

२००९ मध्ये सत्य आणि सलोखा आयोगाचा अहवाल आला. खटला चालवावा अशा टोळीप्रमुखांत जॉन्सन यांचे नाव होते. आयोगाने इतर काही जणांना तीस वर्षे सार्वजनिक पद घेऊ देऊ नये अशी शिफारस केली होती आणि त्या यादीत प्रत्यक्ष राष्ट्राध्यक्ष एलेन जॉन्सन सर्लिफ यांचेही नाव होते. (आडनाव सारखे असले तरी दोघांचे नाते नाही.) युद्धाच्या सुरुवातीच्या काळात सर्लिफ यांनी टेलर यांना मदत केली होती. सुनावणीशिवाय अशी बंदी घालणे घटनाबाह्य आहे, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये दिला. निकाल कायद्याने बरोबर असेल. त्याचा परिणाम मात्र असा झाला की अहवाल कपाटात गेला आणि अहवालातली माणसे सभागृहात राहिली.

आता त्यांच्या राजकारणाचा खरा गाभा. निंबा ही मन्रोव्हियाच्या परगण्यानंतर देशातली सर्वांत मोठी मतपेढी आहे. २०११ मध्ये जॉन्सन राष्ट्राध्यक्षपदासाठी उभे राहिले आणि साडेअकरा टक्क्यांच्या आसपास मते घेऊन तिसरे आले. निवडून येणे हा हेतू नव्हताच. दुसऱ्या फेरीत ती मते कोणाच्या पारड्यात टाकायची, हे ठरवण्याचा अधिकार मिळवणे हा हेतू होता. त्या वर्षी त्यांनी सर्लिफ यांना पाठिंबा दिला. २०१७ मध्ये पुन्हा उभे राहिले, आठ टक्क्यांच्या थोडे वर गेले आणि दुसऱ्या फेरीत फुटबॉलपटू जॉर्ज वेआ यांच्या बाजूने गेले. वेआ जिंकले. २०२३ मध्ये त्यांनी स्वतः राष्ट्राध्यक्षपदाचा नाद सोडला, सिनेटची आपली जागा राखली आणि वेआ यांचे प्रतिस्पर्धी जोसेफ बोआकाय यांच्याशी बोलणी केली. बोआकाय यांचे उपाध्यक्षपदाचे उमेदवार झाले निंबाचे सिनेटर जेरेमाया कूंग, जॉन्सन यांच्याच पक्षाचे. दुसऱ्या फेरीत बोआकाय जिंकले ते ५०.६४ टक्के मतांनी, म्हणजे साऱ्या देशात जेमतेम वीस हजार मतांनी. निंबा दुसरीकडे झुकले असते तर काय झाले असते, याचे गणित आमच्या टपरीवरचा पोरगाही करील. तीन निवडणुका, तीन राष्ट्राध्यक्ष, आणि तिन्ही वेळी हा माणूस जिंकणाऱ्याच्या बाजूला होता.

हे वाचताना मला आमचा जिल्हा दिसू लागतो, आणि तो दिसू नये म्हणून मी प्रयत्नही करत नाही. निंबाच्या डोंगरातले लोखंडाचे खनिज येकेपाहून रेल्वेने बुकॅनन बंदरात जाते आणि तिथून जहाजाने परदेशी जाते; येकेपात खाणकंपनीने वसाहत बांधली, पण शेजारच्या खेड्यांतल्या रस्त्यांवर पावसाळ्यात गाडी रुतते. आम्ही ज्याला अनुशेष म्हणतो त्याचे हे तिकडचे रूप. दांडेकर समितीने १९८४ मध्ये मराठवाड्याचा अनुशेष आकड्यांत मांडला तेव्हापासून आमची प्रत्येक निवडणूक 'आपल्या भागाचा माणूस मुंबईत हवा' या एका वाक्यावर लढली जाते, आणि तो माणूस कसा आहे हा प्रश्न त्या वाक्यात कुठेच बसत नाही. त्याचा दरारा असला तर उत्तमच. मुंबईने घाबरावे असा एक तरी आपल्याकडे असावा. निंबाचा मतदार काही वेगळे बोलत नव्हता. फरक एवढाच की त्याची भीती रस्त्याची आणि पाण्याची नव्हती. सैन्य पुन्हा आपल्या गावात शिरेल याची होती.

दरारा फुकट मिळत नाही, हेही तिथे दिसले. डिसेंबर २०२१ मध्ये अमेरिकेने जॉन्सन यांच्यावर निर्बंध घातले. ते युद्धगुन्ह्यांसाठी नव्हते. सरकारी खात्यांतून पैसा वळवणे आणि पैसे घेऊन मते विकणे, असे आरोप त्यांत होते. निंबाच्या वेदनेवर उभे राहिलेले नेतृत्व अखेर निंबाच्या मतांचा भाव ठरवू लागले, असा मी त्याचा अर्थ लावतो. निंबातल्या गांता शहरात गिओ-मानो आणि मँडिंगो या जमातींमधले जमिनीचे तंटे युद्धानंतर वर्षानुवर्षे चिघळत राहिले. युद्धात पळून गेलेल्या मँडिंगोंच्या घरांवर दुसऱ्यांनी ताबा घेतला होता. ज्याच्या एका शब्दावर निंबा मते देत होता, त्याने तो शब्द इथे किती खर्च केला, हे मँडिंगो कुटुंबांना विचारायला हवे.

माझे आजोबा १९४७-४८ मध्ये निजामाविरुद्धच्या लढ्यात सरहद्दीवरच्या एका कॅम्पात होते. बंदूक चालवलेली माणसे पुढे आमदार झाली, सभापती झाली, त्यांच्या नावाने चौक झाले, आणि ते योग्यच होते असे आम्ही लहानपणापासून ऐकले. मीही तेच मानतो. रझाकारांनी जाळलेल्या घरांची नावे आजोबा बोटांवर मोजून सांगत. पण त्यांची गोष्ट १७ सप्टेंबर १९४८ ला संपत असे. त्या तारखेनंतरच्या आठवड्यांत उस्मानाबाद आणि नांदेडकडच्या खेड्यांत मुसलमानांचे जे झाले, ते पाहायला नेहरूंनी पाठवलेल्या सुंदरलाल समितीचा अहवाल कित्येक दशके प्रसिद्ध झाला नाही, आणि आमच्या ओसरीवर तर त्याचे नावही निघाले नाही. एकदा मी विचारले तेव्हा आजोबा पानाचा डबा उघडून बराच वेळ सुपारी कातरत बसले. मग म्हणाले, 'बाबा, गोष्ट जिथं संपवावी तिथं संपवली म्हणजे झोप लागते.' निंबाचा माणूस गोष्ट १९८५ पासून सुरू करतो, क्रान माणूस १९९० पासून, आणि दोघांची साले खरी आहेत.

तरीही एक हिशेब मला टाळता येत नाही. आजोबांच्या कॅम्पातल्या कोणीही हात बांधलेल्या माणसासमोर कॅमेरा लावून बिअर प्यायलेली नव्हती. भोगलेले असले म्हणजे सारे माफ, असे मी अक्काला एकदा म्हणालो असेन. ती फटकन म्हणाली, 'भोगलेलं तर त्या शेंगदाणेवालीनंही होतं. तिनं कुणाचे कान कापले?'

अखेरच्या वर्षात एक विचित्र गोष्ट घडली. युद्धगुन्हे आणि आर्थिक गुन्ह्यांसाठी विशेष न्यायालय स्थापण्याचा ठराव २०२४ च्या एप्रिलमध्ये सिनेटपुढे आला आणि त्यावर सही करणाऱ्यांत जॉन्सन होते. मे महिन्यात राष्ट्राध्यक्ष बोआकाय यांनी त्यासाठी कार्यालय स्थापण्याचा आदेश काढला. पुढे सहा-सात महिन्यांत जॉन्सन गेले, आणि ज्या खटल्याची लायबेरियातले कित्येक जण वीस वर्षे वाट पाहत होते तो त्यांच्यापुरता संपला. टेलर ब्रिटनच्या तुरुंगात पन्नास वर्षांची शिक्षा भोगत आहेत, पण ती शिक्षा शेजारच्या सिएरा लिओनमधल्या गुन्ह्यांची आहे. लायबेरियातल्या युद्धासाठी लायबेरियाच्या स्वतःच्या न्यायालयात अद्याप कोणावरही खटला उभा राहिलेला नाही.

२०२५ च्या जूनमध्ये सॅम्युअल डो यांचा, मृत्यूनंतर जवळजवळ पस्तीस वर्षांनी, त्यांच्या भागातल्या झ्वेद्रू येथे राजकीय सन्मानाने अंत्यविधी करण्यात आला. ती बातमी मी अक्काला पाठवली. पेरणीचे दिवस होते, ती शेतावर होती, त्यामुळे उत्तर संध्याकाळी आले. तिने फोनच केला. पाऊस किती झाला, सोयाबीन उगवले का, हे बोलून झाल्यावर ती जरा थांबली आणि म्हणाली, 'आणि निंबातून कोण कोण आलं होतं रे मातीला?'